रानदेवांचा जीर्णोद्धार

सिंधुदुर्गात सध्या जीर्णोद्धाराचे दिवस आहेत. देवगडापासून वेंगुर्ल्यापर्यंत फिरावे, तो सातेरीचे, रवळनाथाचे, गांगोचे किंवा पावणाईचे एखादे जुने कौलारू देऊळ पाडलेले तरी दिसते, नाही तर पाडावयाचे ठरलेले तरी असते. आणि त्यासाठी छापलेली पावतीपुस्तके परळ-लालबागेपासून डोंबिवली-विरारापर्यंतच्या चाकरमान्यांत फिरत असतात. जांभ्याचे जोते, लाकडी खांब, वाऱ्यास मोकळा सभामंडप ही जाऊन तेथे सिमेंटचा घुमट, गुळगुळीत फरशी आणि रंगविलेला कळस येतो. एवढ्यावर थांबते तर आम्ही तो अभिरुचीचा प्रश्न म्हणून सोडून दिला असता. वाईट अभिरुची हा काही दखलपात्र गुन्हा नव्हे. परंतु देवळाबरोबर देवही बदलू लागला आहे. वारुळाच्या रूपाने भूमीतून वर आलेली सातेरी महिषासुरमर्दिनी होते, रवळनाथ भैरवाच्या पोथीत जाऊन बसतो, वेतोबा शंकराचा अवतार ठरतो. आणि ज्यास कोणत्याच पुराणात जागा देता येत नाही तो शिवेवरचा देवचार 'भूतखेत' या सदरात जमा होऊन त्याच्या वाट्याची चार झाडे मोटारी उभ्या करण्यास मोकळी होतात. या व्यवहारास लोक जीर्णोद्धार म्हणतात. आम्ही त्यास उच्चाटन म्हणतो.

हा आरोप आम्ही गावकऱ्यांवर करीत नाही, गुरवावर तर नाहीच नाही. गुरवास आणि घाड्यास विचारून यातले फारसे काही होत नाही. आरोप आहे तो आमच्यासारख्या चार बुके शिकलेल्या मंडळीवर. कारण देवाचे नवे नाव सुचविणारे आम्ही, 'स्थळाचे माहात्म्य' लिहून देणारे आम्ही, आणि देवचाराचे नाव निघताच पाहुण्यांसमोर ओशाळे होऊन विषय बदलणारेही आम्हीच.

या ओशाळेपणाची गंमत अशी, की तो सर्वच रानदेवांविषयी नसतो. आमच्यातील ज्या गृहस्थांनी महाविद्यालयात इंग्रजी काव्य वाचले, त्यांस ग्रीकांचा पॅन चांगला परिचयाचा असतो. अर्केडियाच्या डोंगरात राहणारा, कमरेखाली बोकड आणि वर मनुष्य, डोक्यास शिंगे, हाती वेळूच्या नळ्यांचा पावा. शेळ्यामेंढ्यांचा व त्यांच्या राखणाऱ्यांचा देव. भर दुपारी तो झोपतो, त्या वेळी पावा वाजवू नये, कारण शिकारीने दमलेला हा देव मोठा रागीट, असे थिओक्रिटसच्या काव्यातील गुराखी सांगतो. निर्जन रानात माणसास अकारण जी धडकी भरते ती याच देवाची करणी, आणि इंग्रजीतला 'पॅनिक' हा शब्द त्यावरूनच आला. (मूळ ग्रीक उच्चार 'पान' असा आहे. आमच्या भाषेत त्या शब्दाने झाडाचेच पान आठवावे हा निव्वळ योगायोग. तरी तो रानदेवास शोभतो.) ही सर्व माहिती हे गृहस्थ कौतुकाने सांगतील. त्यांचे कोणी सांगून गेले नाही की अर्धा बोकड असलेला देव हा अडाण्यांचा खुळचटपणा आहे.

आता याच गृहस्थांस त्यांच्या आजोळच्या शिवेवर नेऊन उभे करावे. तेथे, रायवळ आंब्याच्या किंवा वडाच्या बुंध्याशी, एक अनघड दगड असतो. त्याला मंदिर नाही, मूर्ती नाही. हा राखणदार. याला गावोगाव वेगळे नाव. पुष्कळ ठिकाणी नुसते देवचार. लोक त्याचे रूप सांगतात ते असे: उंच देह, खांद्यावर घोंगडी, हातात काठी, तोंडात विडी किंवा चिलीम. रात्री काठी आपटीत तो गावाची शीव फिरतो. रानात वाट चुकलेल्यास तो घरापर्यंत पोहोचवितो, आणि ज्याने त्याची मर्यादा मोडली त्यास त्याच रानात रात्रभर गोल गोल फिरवितो. भर बाराच्या उन्हात त्याच्या झाडाखालून जाऊ नये, हे आमच्या प्रत्येकाच्या आजीने सांगितलेले आहे. वर्षाकाठी त्याला रोट, नारळ, विडी आणि प्रसंगी कोंबडा व दारू. घोंगडी, काठी, रात्रीची राखण, दुपारचा दरारा! हा वेष आणि ही वृत्ती कोणाची आहे हे ओळखण्यास फार विद्वत्ता नको. तो गुराख्याचा देव आहे, आणि म्हणूनच गुराख्यासारखा दिसतो. पॅनच्या आणि त्याच्या कुळकथेत साम्य दाखवावयाचे तर एका शब्दाचीही ओढाताण करावी लागत नाही. तरी एक काव्याचा विषय आणि दुसरा लाजेचा. कारण एवढेच, की पहिला इंग्रजीतून आला.

आरवलीचा वेतोबा याच कुळातला, पण प्रतिष्ठा पावलेला. ज्या गावी जयवंत दळवींचे बालपण गेले त्या वेंगुर्ले तालुक्यातील आरवलीस हा पुरुषभर उंचीहूनही उंच असा उभा आहे. पूर्वी फणसाच्या लाकडाचा होता, आता पंचधातूचा आहे. त्याला केळ्यांचा घड आणि चामड्याच्या मोठ्या वहाणा वाहतात. रात्री गावाच्या राखणीस फिरून वहाणा झिजतात, म्हणून नव्या द्यावयाच्या. देवळाच्या उंबऱ्याबाहेर वहाणा काढून आत जावे हा जगाचा नियम, आणि येथे वहाणाच गाभाऱ्यात देवाच्या पायाशी! ज्या कोणास हा देव शंकराचा अवतार करावयाचा असेल त्याने प्रथम या वहाणांचा अर्थ लावून दाखवावा. कैलासावर बसून ध्यान करणाऱ्या देवास वहाणा झिजविण्याचे कारण पडत नाही. वेतोबास पडते, कारण तो चालतो. चालणे हेच त्याचे देवत्व. ते काढून घेतल्यावर उरते ती एक उंच मूर्ती.

आमच्या विरुद्ध पक्षाचे म्हणणे असे, की लहान देवांनी मोठ्या देवांत मिळून जाणे ही आपल्या धर्माची जुनी रीत आहे. साक्षात पंढरीचा विठोबाही तसाच घडला. हा युक्तिवाद हलका नाही. रा. चिं. ढेरे यांनी 'श्रीविठ्ठल : एक महासमन्वय' या १९८४ साली प्रसिद्ध झालेल्या ग्रंथात विठोबाचे मूळ गोपजनांत, धनगर-गवळ्यांच्या दैवतांत शोधले. त्यापूर्वी १९६२ साली दामोदर धर्मानंद कोसंबी यांनी 'मिथ अँड रिअॅलिटी' या पुस्तकात महाराष्ट्रातील देवस्थाने आणि मेंढपाळांच्या हंगामी वाटा यांचा संबंध पायी हिंडून तपासला. आणि हायडेलबर्गचे गुंथर सोंथायमर यांनी धनगरांच्या ओव्या टिपून घेऊन बिरोबा, म्हस्कोबा व खंडोबा यांवर १९७६ साली जर्मन भाषेत मोठा ग्रंथ लिहिला. या तिघांच्या श्रमांनंतर 'रानदेव म्हणजे अडाण्यांचे खूळ' असे म्हणण्यास कोणाही सुशिक्षितास तोंड उरलेले नाही. परंतु त्यांच्याच आधाराने आमचा प्रतिपक्ष जे अनुमान काढतो ते मात्र उलटे आहे. विठोबा मोठा झाला तेव्हा त्याने धनगरांस पंढरीतून हाकलले नाही. कमरेवर हात ठेवून उभे राहण्याची आपली रांगडी ढब सोडली नाही. त्याच्याविषयी बोलणाऱ्यांनी बोलण्यासाठी मराठीच निवडली. समन्वयात दोघेही राहतात. जेथे एक राहतो आणि दुसरा नाहीसा होतो त्यास समन्वय म्हणणे ही शब्दांची फसवणूक आहे. सातेरीचे वारूळ फोडून त्या जागी जयपुरी संगमरवराची अष्टभुजा बसविली, तर तेथे कोणाचा कोणाशी समन्वय झाला?

गोव्यात व कुडाळ-सावंतवाडीकडे सातेरीची शांतादुर्गा होण्याची क्रिया जुनीच आहे, हे आम्हांस ठाऊक आहे. परंतु त्या जुन्या बदलांत वारुळास हात लागत नसे. वर रुप्याचा मुखवटा, लुगडे, दागिने; आत तेच मातीचे वारूळ, दर पावसाळ्यात आपल्या मनाने वाढणारे. वाढते दैवत! भूमीच्या सर्जनाची याहून सरळ प्रतिमा कोणा शिल्पकारास सुचली असती असे आम्हांस वाटत नाही. ढेऱ्यांनी 'लज्जागौरी'त वारूळ हे भूमातेचे गर्भाशय कसे, ते विस्ताराने दाखविले आहे. फरशी घातलेल्या गाभाऱ्यात वारूळ वाढत नाही. वाळवीचा बंदोबस्त तर कंत्राटदार पाया भरतानाच करून टाकतो.

प्राचीन ग्रीकांस हाच प्रश्न पडला होता, आणि त्यांनी तो कसा सोडविला याची एक हकीकत हिरोडोटसने लिहून ठेवली आहे. ख्रिस्तपूर्व ४९० मध्ये इराणी सैन्य मॅराथॉनला उतरले तेव्हा अथेन्सने स्पार्टाची मदत मागण्यासाठी फिलिपिडीस नावाचा धावणारा जासूद पाठविला. टेजियाच्या वरच्या अंगास पार्थेनियॉन डोंगरात त्याला पॅन भेटला. देवाने त्याला नाव घेऊन हाक मारली आणि तक्रार केली: अथेन्सकर माझी काहीच विचारपूस का करीत नाहीत? मी त्यांचे भले चिंतितो, पूर्वी त्यांच्या उपयोगी पडलो आहे, पुढेही पडेन. शहराने उपेक्षिलेल्या रानदेवाची ही तक्रार वाचताना आम्हांस आमच्या शिवेवरच्या देवचाराचा आवाज ऐकू येतो असे म्हटले तर वाचक हसतील; हसोत. अथेन्सकर मात्र हसले नाहीत. युद्ध जिंकल्यावर त्यांनी अॅक्रॉपोलिसच्या पायथ्याशी पॅनचे स्थान केले, वार्षिक बळी व मशालींची शर्यत सुरू केली.

आणि येथे आमच्या जीर्णोद्धार समित्यांनी कान द्यावा. अॅक्रॉपोलिसवर संगमरवराची कमतरता नव्हती. पुढे पन्नास वर्षांच्या आत त्याच टेकडीवर पार्थेनॉन उभे राहू लागले. तरीही पॅनला त्यांनी दिली ती टेकडीच्या वायव्य उतारावरची एक गुहा. अटिकात इतरत्रही, पार्नेस डोंगरात, वारी येथे, मॅराथॉनजवळ, जेथे जेथे पॅन व अप्सरा यांची पूजा सुरू झाली तेथे ती गुहांतच झाली. जगातील सर्वांत कुशल शिल्पी हाताशी असताना त्या लोकांनी ओळखले की रानातील देवास शहरात आणावयाचे तर त्याच्यासाठी थोडे रान आणावे लागते. त्यांनी पॅनची शिंगे कापून त्यास अपोलो केले नाही.

देवाशी बोलण्याची रीतही पाहण्यासारखी आहे. शिकारीत मांस कमी मिळाले की अर्केडियाची पोरे पॅनच्या मूर्तीस रानकांद्यांनी झोडपीत, असा उल्लेख थिओक्रिटसच्याच एका काव्यात आहे. आमच्याकडे देवास झोडपीत नाहीत, पण गाऱ्हाणे घालताना जो सूर लागतो तो काही आर्जवाचा नव्हे. घाडी उभा राहून देवास त्याची कर्तव्ये एकेक करून ऐकवितो, बारा-पाचांच्या साक्षीने हिशेब मागतो, आणि भोवतालचे लोक प्रत्येक कलमास 'व्हय म्हाराजा' म्हणून शिक्कामोर्तब करतात. देव आणि गाव यांमधला हा करार आहे. कौल मागावयाचा, देवाने उजवा दिला तर कामास लागावयाचे, डावा दिला तर थांबावयाचे. मालवण तालुक्यात मसुऱ्याच्या आंगणेवाडीस भराडीदेवीची जत्रा भरते तिचा दिवस पंचांगातील तिथीवर ठरत नाही, देवीच्या कौलाने ठरतो. लाखोंची गर्दी आणि मंत्र्यांच्या मोटारी त्या कौलाची वाट पाहतात! देवीचे नावही पाहावे: भरडावरची ती भराडी. ज्या खडकाळ, पाणी न धरणाऱ्या जमिनीवर ती प्रकटली त्या जमिनीचेच नाव तिने घेतले. पुराणातील नाव तिला देऊन पाहा. त्या नावाची देवी हिंदुस्थानात हजार ठिकाणी असेल, आणि भरडावर एकही नसेल.

दुसरा आक्षेप बुद्धिवादी मित्रांचा. ते म्हणतात, देवचार काय आणि अष्टभुजा काय, दोन्ही भ्रमच. एका भ्रमाच्या जागी दुसरा आला तर तुम्हांस रडण्याचे कारण काय? या मित्रांविषयी आम्हांस आदर आहे. जादूटोणा व नरबळी यांविरुद्ध महाराष्ट्रात २०१३ साली कायदा झाला तो योग्यच झाला. देवाच्या नावाने कोणी कोणास नाडीत असेल, आजाऱ्यास औषधावाचून ठेवीत असेल, तर त्याची बाजू आम्ही क्षणभरही घेणार नाही. परंतु भ्रम हा शब्द उच्चारला की विषय संपला असे ज्यांस वाटते त्यांनी प्लेटोचा 'फीड्रस' हा संवाद काढून पाहावा. तेथे अथेन्सच्या वेशीबाहेर, नदीकाठच्या एका मोठ्या वृक्षाखाली सॉक्रेटिस येऊन बसतो. जुन्या कथांची बुद्धिवादी उकल करीत बसण्यास फार फावला वेळ लागतो, आणि मला तर अजून माझी स्वतःचीच ओळख पटलेली नाही, अशा आशयाचे तो बोलतो. आणि उठताना पॅनची व त्या स्थळाच्या इतर देवांची प्रार्थना करून मगच उठतो. तर्कशास्त्राचा ज्यास मूळपुरुष म्हणावे त्याने झाडाखालच्या देवास नमस्कार केल्याने तर्कशास्त्राचे काही बिघडले नाही.

शिवाय भ्रमाभ्रमांतही फरक असतो, आणि तो परिणामावरून ओळखावा. सातेरीच्या राईतील ढोल मोडल्यास देवी कोपते हा भ्रम असेल. त्या भ्रमाने काय राखले ते मोजावे. पुण्याचे वा. द. वर्तक व माधव गाडगीळ यांनी १९७० नंतरच्या दशकात महाराष्ट्रातील देवरायांची पाहणी केली, तेव्हा आजूबाजूची राने तुटून गेली असता या लहान लहान तुकड्यांत जुन्या जंगलाची झाडे आणि अजस्र वेली तेवढ्या उरलेल्या त्यांस आढळल्या. गावचा झरा बहुधा तेथूनच निघतो. ग्रीकांकडेही हेच. अर्केडियात पॅनचे एक क्षेत्र होते. लांडगा मागे लागलेले जनावर त्या कुंपणात शिरले की लांडगाही आत येत नसे, असे ईलियन लिहितो. लांडग्याच्या सौजन्याविषयी शंका घेण्यास हरकत नाही. परंतु त्या क्षेत्रात माणसाची कुऱ्हाड शिरत नसली पाहिजे, एवढे त्यावरून खास समजते. उलट सिमेंटच्या सभामंडपाने कोणते झाड राखले? भक्त तेच आणि भीतीही तीच. फक्त राखण संपली.

गावपळणीची गोष्ट अशीच. मालवण तालुक्यात आचरे, चिंदर, वायंगणी या गावी काही वर्षांनी एकदा, देवाचा कौल घेऊन, सारा गाव गुरेढोरे, कोंबडी, कुत्री यांसकट वेशीबाहेर पडतो. आचऱ्यास हा हुकूम रामेश्वराचा. तीन दिवस, तीन रात्री घरांस कुलपे, चूल नाही, दिवा नाही. लोक शिवेपलीकडे झावळांच्या झोपड्या घालून राहतात, एकत्र रांधतात, गातात, आणि परत कौल झाल्यावर घरी येतात. यावर आमच्यातील काहींस हसू येते, काही फोटो काढण्यासाठी येतात. आम्हांस दोन्ही प्रकार सारखेच उथळ वाटतात. ही जमीन आपली नाही, आपण तिचे वहिवाटदार आहोत, मालक दुसरा आहे, आणि मधून मधून त्याला त्याची जागा मोकळी करून द्यावी लागते, असे एखादा अख्खा गाव आपल्या पायांनी चालून कबूल करतो. या कबुलीच्या तोडीचे दुसरे काही आमच्या नागरी धर्माचारात असल्यास कोणी दाखवावे. मालमत्तेच्या दस्तऐवजांवर जगणाऱ्या आमच्या वर्गास ते समजणे कठीण आहे, हे आम्ही मान्य करतो.

आता एक इशारा आमच्याच बाजूच्या लोकांस. रानदेवांचे कौतुक करताना अर्केडियाचा मोह पडतो. कवींनी अर्केडियास सदा वसंताचे, बासरीचे, निश्चिंत मेंढपाळांचे नंदनवन केले. पण पॉलिबियस हा इतिहासकार स्वतः अर्केडियाचा. तो लिहितो की आमचा देश थंड, उदास, आमचे जिणे कष्टाचे, आणि म्हणूनच आमच्या पूर्वजांनी तरुणांस संगीत सक्तीने शिकविण्याचा नियम केला. किनेथा गावाने तो सोडला आणि तेथील लोक क्रूर झाले. पावा तेथे चैनीचा नव्हता. आमच्याकडील सह्याद्रीच्या उतारावरच्या गवळी धनगरांचे जिणेही असेच. एवढ्या पावसात मेंढरू टिकत नाही म्हणून म्हशी पाळावयाच्या, लोणी-तूप देऊन धान्य आणावयाचे, आणि वाघाच्या भीतीने रात्र काढावयाची. वाघबारशीस गुराखी रानात जमून जेवण रांधतात, एकास वाघ करून पिटाळून लावतात. हा खेळ आज गमतीचा दिसतो, पण ज्यांच्या गोठ्यातली पाडी वाघाने नेली त्यांनी तो रचलेला आहे. तसेच गावऱ्हाटीतील मानपानात जातीची उतरंड पक्की बसलेली आहे, हेही सांगितले पाहिजे. पहिला मान कोणाचा, तरंग कोणी धरावयाचे, कोणी किती पायरीवर थांबावयाचे, यावरून भांडणे न्यायालयापर्यंत जातात. ही उतरंड मोडण्यास कोणी पुढे आल्यास आम्ही त्याच्या बरोबर आहोत. पण जीर्णोद्धार समित्या नेमके उलटे करतात. झाडे जातात, वारूळ जाते, देवाचे नाव जाते. मानपानाची यादी तेवढी संगमरवरी पाटीवर कोरून कायम होते.

मोठ्या वंशावळीचा सोस हाही एक रोग आहे. काही विद्वान पॅनचा संबंध ऋग्वेदातील पूषन् देवाशी लावतात. हर्मन कोलित्झ यांनी १९२४ साली हे मत मांडले. पूषा बोकडांच्या रथात बसतो, वाटांची राखण करतो, हरवलेली गुरे शोधून देतो आणि करंभ म्हणजे पिठाची पेज खातो. साम्य खरेच चित्तवेधक आहे, आणि ध्वनिशास्त्राचा वाद त्या शास्त्राच्या पंडितांनी करावा. आम्हांस आश्चर्य वाटते ते वेगळ्याच गोष्टीचे. हे मत ऐकून आमच्यातील कित्येकांची छाती फुगते, की पाहा, ग्रीकांचा देव मूळचा आमचा! अहो, वाटांची राखण करणारा, हरवलेले गुरू शोधून देणारा, रोट खाणारा देव तुमच्या शिवेवर अजून उभा आहे. त्यास ओळख द्यावयास तुम्हांस लाज वाटते, आणि तीन हजार वर्षांपूर्वीच्या पूषाचे नाते सांगून तुम्ही अथेन्सवर हक्क सांगता!

प्लुटार्कने एक प्रसिद्ध कथा सांगितली आहे. टायबेरियस बादशहाच्या काळी एक गलबत पॅक्सी बेटाजवळ वाऱ्याअभावी थांबले असता किनाऱ्यावरून थामुस नावाच्या तांडेलास हाक आली, की पॅलोडीसपाशी पोहोचल्यावर 'महान पॅन मेला' असे ओरडून सांग. त्याने तसे सांगताच किनाऱ्यावरून अनेकांचा आक्रोश उठला. पुढे ख्रिस्ती धर्मपंडितांनी या कथेचा उपयोग करून घेतला. युसीबियसने ती जुन्या दैत्यांच्या पराभवाची साक्ष म्हणून नोंदविली, आणि कालांतराने पॅनची शिंगे व खूर ख्रिस्ती चित्रांतल्या सैतानास मिळाले. परंतु प्लुटार्कनंतर काही दशकांनी पॉसेनियस अर्केडियातून हिंडला तेव्हा त्याला लायकोसुराजवळ पॅनच्या देवळात कधीही न विझणारा अग्नी जळताना दिसला. देव मेला नव्हता. त्याची मृत्युवार्ता तेवढी समुद्रावरून फिरत होती. आमच्या किनाऱ्यावर हाच प्रकार अक्षरशः घडला. ख्रिस्ती कोंकणीत 'देंवचार' या शब्दाचा अर्थ आज सैतान असा आहे. पाद्र्यांनी राखणदारास सैतान केले याचा आम्हांस राग येतो, आणि तो रास्त आहे. पण मग त्याच राखणदारास 'भूत' म्हणून आम्ही झाडावरून खाली ओढतो, तेव्हा आम्ही पाद्र्याहून निराळे काय करतो? पाद्र्याने निदान त्याला शत्रू म्हणून तरी मान दिला.

कोणी म्हणेल, मग काय देवळे गळकी ठेवावयाची? मुळीच नाही. कौले फिरवावी, वासे बदलावे, जोते ढासळले असल्यास जांभ्यानेच बांधावे. जांभा या जिल्ह्यात पाहिजे तितका निघतो आणि तो बसविणारे गवंडीही आहेत. जत्रेच्या गर्दीस निवारा हवा असल्यास तो राईबाहेर उभारावा. कोंबड्याऐवजी नारळ देण्याचा ठराव गावाने केला तर त्यासही आमची हरकत नाही. देवाचा आहार ठरविण्याचा अधिकार गावाचा, आणि कौल लावून विचारण्याची सोय तर आहेच. परंतु मूर्ती बदलावयाची, नाव बदलावयाचे, वारूळ हलवावयाचे, असे ठरविणाऱ्या सभेत घाडी, गुरव आणि गावातील म्हाताऱ्या बायका यांस प्रथम बोलू द्यावे, आणि मुंबईकरांनी शेवटी बोलावे. मुंबईकरांत आम्हीही आलोच.

या मे महिन्यात पुन्हा पावतीपुस्तके घेऊन मंडळी येतील. वर्गणी अवश्य द्यावी, पण देण्यापूर्वी खर्चाचे अंदाजपत्रक मागावे. त्यात सिमेंट किती पोती, लोखंड किती टन, फरशी किती चौरस फूट हे सर्व लिहिलेले असते. त्या कागदावर एक ओळ आणखी लिहून मागावी: या कामात राईतील किती झाडे जाणार, आणि ती कोणती. उत्तर मिळेपर्यंत पावतीवर रक्कम घालू नये.